खून कोणी केला ते नंतर, आधी सांगा खून झाला कुठे? अमेरिकन गुन्हेकथा वाचायला शिकवणारा प्राध्यापक

रेल्वे स्टेशनवरच्या बुकस्टॉलपुढे कधी रेंगाळला असाल तर जेम्स हॅडली चेस हे नाव तुमच्या डोळ्यांखालून गेलंच असणार. मुखपृष्ठावर एक बाई, एक पिस्तूल आणि आत सगळी अमेरिका. गँगस्टर, मोटेल, न संपणारे हायवे, फ्लोरिडाचे समुद्रकिनारे. आपल्याकडच्या कित्येक वाचकांच्या डोक्यातली अमेरिका याच पुस्तकांनी बांधलेली आहे.

गंमत म्हणजे हा चेस अमेरिकन नव्हताच. तो लंडनचा. खरं नाव रेने ब्राबझोन रेमंड. १९३९ साली त्याची 'नो ऑर्किड्स फॉर मिस ब्लँडिश' आली ती अमेरिकेचे नकाशे आणि तिथल्या गुन्हेगारी बोलीचा शब्दकोश समोर ठेवून लिहिलेली. पुढे त्याच्या बऱ्याच कादंबऱ्या पॅराडाईज सिटी नावाच्या शहरात घडल्या. ते शहर अमेरिकेच्या नकाशावर शोधायला जाऊ नका, सापडणार नाही.

आता याच्या बरोब्बर उलटा किस्सा. एडगर ॲलन पो हा पक्का अमेरिकन लेखक. १८४१ मध्ये फिलाडेल्फियाच्या एका मासिकात त्याची 'द मर्डर्स इन द रू मॉर्ग' ही कथा आली. आधुनिक डिटेक्टिव्ह कथेची सुरुवात साधारण इथूनच मोजतात. पण कथा घडते पॅरिसमध्ये, आणि पोने फ्रान्समध्ये कधी पाऊलही टाकलं नव्हतं. त्याच वर्षी न्यूयॉर्कमधल्या सिगारच्या दुकानात काम केलेल्या मेरी रॉजर्स या तरुणीचं प्रेत हडसन नदीत सापडलं. सगळ्या वर्तमानपत्रांत तीच चर्चा. पोने त्यावर गोष्ट लिहिली, पण उचलून पुन्हा पॅरिसला नेली. मेरीची मारी झाली, हडसनची सेन झाली.

म्हणजे जन्मापासूनच या साहित्यात 'गाव' ही सोयीची गोष्ट होती. खून महत्त्वाचा, डोकं महत्त्वाचं, शहर कुठलंही चालेल.

आज अमेरिकन गुन्हेकथांचं दुकान उघडून बघा. शिकागोची वेगळी, लॉस एंजेलिसची वेगळी, लुइझियानाच्या दलदलीची वेगळी, नावाहो आदिवासींच्या वाळवंटाची वेगळी. अमेरिकेचा एखादा कोपरा समजून घ्यायचा असेल तर तिथली गुन्हेकथा वाच, असं लोक आता सहज सांगतात. हा बदल झाला कसा आणि तो ओळखायला कोणी शिकवलं, याची ही गोष्ट.

दोन फडताळं, दोन्ही खालच्या बाजूची

अमेरिकेतल्या विद्यापीठांत बराच काळ दोन प्रकारच्या पुस्तकांकडे जरा नाक मुरडूनच बघितलं जायचं.

एक म्हणजे गुन्हेकथा. स्वस्त कागदावर छापलेली, वाचून फेकून द्यायची. यात नवल नाही. आपल्याकडे बाबूराव अर्नाळकरांनी हजाराहून जास्त रहस्यकथा लिहिल्या, पिढ्याच्या पिढ्या त्यावर वाचायला शिकल्या, पण मराठी साहित्याच्या अभ्यासक्रमात त्यांना जागा शोधावी लागते.

दुसरं म्हणजे प्रादेशिक लेखन. आपल्याला हा शब्द परका नाही. पेंडशांचं कोकण, माडगूळकरांचा माणदेश. अमेरिकेत यादवी युद्ध १८६५ ला संपलं आणि त्यानंतर अशा लेखनाची लाटच आली. सारा ऑर्न ज्यूएटने मेन राज्यातली किनाऱ्यावरची गावं लिहिली, जॉर्ज वॉशिंग्टन केबलने न्यू ऑर्लीन्स लिहिलं, चार्ल्स चेसनटने नॉर्थ कॅरोलिनातल्या कृष्णवर्णीयांच्या गोष्टी लिहिल्या. त्याला 'लोकल कलर' म्हणायचे. शब्दातच थोडी मेख आहे. रंग म्हणजे वरून लावायची गोष्ट. रिचर्ड ब्रॉडहेड या अभ्यासकाने १९९३ च्या आपल्या पुस्तकात हे नेमकं दाखवलं आहे. या गोष्टी छापणारी मोठी मासिकं शहरातल्या सुखवस्तू वाचकांची होती. त्याच मासिकांत सुट्टीला कुठे जावं याचेही लेख असायचे. गावाकडची गोष्ट म्हणजे घरबसल्या केलेली सहल. लिहिणाऱ्यांत बायका बऱ्याच, त्यामुळे 'छान आहे, पण लहान आहे' असा शेरा मारणं आणखी सोपं.

पण ही दोन फडताळं एकमेकांना चिकटलेली आहेत, हे दाखवणारं एक पुस्तक १८९४ मध्येच येऊन गेलं होतं. मार्क ट्वेनचं 'पुडनहेड विल्सन'.

याचं कथानक ऐकाच. मिसूरी राज्य, मिसिसिपी नदीकाठचं एक छोटं गाव, गुलामगिरीचा काळ. रॉक्सी नावाची गुलाम बाई. तिच्यात कृष्णवर्णीय रक्ताचा हिस्सा सोळावा, दिसायला गोरी, पण कायद्याने गुलाम. आपलं पोर विकलं जाईल या भीतीने ती मालकाचं बाळ आणि आपलं बाळ पाळण्यात बदलते. वीसेक वर्षांनी खून होतो. गावाने वेड्यात काढलेला एक वकील छंद म्हणून लोकांच्या बोटांचे ठसे जमवत असतो. कोर्टात तो ते ठसे मांडतो आणि खुनी कोण, कोणाचं बाळ कोण, सगळं एका झटक्यात उघडं पडतं.

(बोटांचे ठसे हा प्रकार ट्वेनला सापडला फ्रान्सिस गाल्टनच्या १८९२ च्या पुस्तकात. आणि गाल्टनचं काम उभं होतं विल्यम हर्शेल या इंग्रज अधिकाऱ्याच्या नोंदींवर, ज्याने १८५८ मध्ये बंगालमध्ये एका कंत्राटावर हाताचा ठसा घेतला होता. ओळख पटवायची ही पद्धत आपल्याकडून तिकडे गेलेली आहे.)

इतर कुठल्याही डिटेक्टिव्ह कथेत खुनी सापडला की न्याय झाला. इथे काय होतं? खुनी हा मुळात गुलाम निघाला. मग तो माणूस नाही, मालमत्ता आहे. मालमत्ता तुरुंगात डांबून ठेवली तर सावकारांचं नुकसान. म्हणून त्याला माफी देतात आणि नदीच्या खालच्या अंगाला विकून टाकतात. खरा वारस मोकळा होतो, पण त्याला वाचता-लिहिता येत नाही, बोली गुलामांची, गोऱ्यांच्या दिवाणखान्यात त्याचा जीव घुसमटतो. कोडं अगदी बरोबर सुटलं आणि गावातला मोठा गुन्हा तसाच राहिला, कारण तो मोठा गुन्हा म्हणजे तिथला कायदाच होता.

ही गोष्ट पॅरिसला नेता येत नाही. मिसूरीतच घडू शकते.

शिकागोचा प्राध्यापक आणि त्याचा 'साचा'

जॉन कवेल्टी हे नाव आपल्याकडे फारसं कोणी ऐकलेलं नसेल. आधी शिकागो विद्यापीठात आणि नंतर केंटकी विद्यापीठात त्यांनी साहित्य शिकवलं. शिकागो म्हणजे अभिजात ग्रंथांचा बालेकिल्ला. तिथे बसून हा माणूस काउबॉयच्या आणि खासगी गुप्तहेरांच्या गोष्टींवर गंभीरपणे लिहीत होता.

साठच्या दशकात अमेरिकेत लोकप्रिय संस्कृतीचा अभ्यास नुकता डोकं वर काढत होता. ओहायोमधल्या बोलिंग ग्रीन विद्यापीठात रे ब्राउन यांनी १९६७ मध्ये याच विषयाचं एक नियतकालिक सुरू केलं. कवेल्टींचा एक महत्त्वाचा लेख तिथेच १९६९ मध्ये आला. विषय होता फॉर्म्युला, म्हणजे साचा. सत्तरच्या दशकाच्या सुरुवातीला वेस्टर्न कथांवर त्यांचं 'द सिक्स-गन मिस्टिक' हे छोटं पुस्तक आलं आणि १९७६ मध्ये 'ॲडव्हेंचर, मिस्ट्री अँड रोमान्स' हे जाडजूड पुस्तक. गुन्हेकथांचा अभ्यास करणाऱ्याला आजही या पुस्तकाला वळसा घालून जाता येत नाही.

त्यांचं म्हणणं ऐकायला साधं आहे. टीकाकार म्हणतात, या गोष्टी साच्यातल्या आहेत, म्हणून हलक्या. कवेल्टी म्हणतात, साच्यातल्या आहेतच की, वाचक साच्यासाठीच तर येतो.

तमाशाचं उदाहरण घेऊ. गण, गवळण, बतावणी, वग हा क्रम ठरलेला. प्रेक्षकाला तो पाठ असतो. म्हणून कोणी उठून जातं का? उलट क्रम ठाऊक असल्यामुळेच आजच्या बतावणीत सोंगाड्याने काय नवं काढलं ते कळतं. ओळखीचं आणि नवं यांच्या ओढाताणीतच मजा असते.

पण कवेल्टींची पुढची पायरी आपल्या विषयाला जास्त लागू पडते. साचा दोन गोष्टींनी बनतो, असं ते सांगतात. एक भाग कुठल्याही माणसाला भावणारा. संकटावर मात, प्रेमाची जीत, कोड्याची उकल. हे जपानमध्येही चालतं, सांगलीतही चालतं. दुसरा भाग मात्र एका समाजाचा, एका काळाचा, एका जागेचा. त्याच जागेचे कपडे, त्याच जागेची भीती, त्याच जागेचे खलनायक. साचा म्हणजे या दोघांचं लग्न.

याचा अर्थ काय होतो बघा. तोवर 'जागा' ही गोष्टीची सजावट समजली जात होती. कवेल्टींनी तिला गोष्टीच्या पायात घातलं.

वेस्टर्नमध्ये हे सहज दिसतं. वेस्टर्न कथा कशाला म्हणायचं? घोडा आहे म्हणून नाही, पिस्तूल आहे म्हणूनही नाही. ती एका सीमारेषेवर घडते म्हणून. एका बाजूला नवं वसलेलं गाव, चर्च, शाळा, किराणा दुकान. दुसऱ्या बाजूला मोकळा मुलूख, जिथे गावाचा कायदा पोचत नाही. नायक या दोघांच्या मधला. गावाला वाचवतो, पण गावात मावत नाही. शेवटी घोड्यावर बसून निघून जातो. ही रेषा पुसली की वेस्टर्न संपला.

इथे एक टोचणारी गोष्ट आहे. रेषेच्या पलीकडे 'रानटी मुलूख' होता असं ज्या कथा मानतात, तिथे मुळात माणसं राहत होती. त्यांचं म्हणणं या नकाशात कुठेच नाही. १९९९ मध्ये कवेल्टींनी आपल्या पहिल्या पुस्तकाचा पुढचा भाग काढला तेव्हा मूळनिवासी आणि स्त्रिया यांच्या बाजूने हा सगळा प्रकार पुन्हा तपासला. स्वतःच्या गाजलेल्या पुस्तकाकडे तीसेक वर्षांनी परत जाऊन त्यात दुरुस्ती करणारे अभ्यासक फार नसतात.

काउबॉय शहरात आला

लेस्ली फीडलर या समीक्षकाने १९६० मध्येच म्हटलं होतं की अमेरिकन खासगी गुप्तहेर म्हणजे शहराच्या रस्त्यावर आलेला काउबॉयच आहे. कवेल्टींनी या कल्पनेला हाडामांसाचं केलं.

शेरलॉक होम्सच्या धाटणीच्या कथेत काय होतं? लंडनवर धुकं आहे, शहर जादूई आहे, पण मुळात ठीकठाक आहे. गुन्हा एका बंगल्यात, एका बंद खोलीत होतो. होम्स बोट दाखवतो, हा खुनी. म्हणजे बाकी सगळे निर्दोष. आपणही निर्दोष. चहा प्यायला मोकळे.

विसाव्या शतकात अमेरिकेत जी नवी कथा आली तिला 'हार्ड-बॉइल्ड' म्हणतात. शब्दशः उकडून टणक झालेल्या अंड्यासारखी. 'ब्लॅक मास्क' हे १९२० मध्ये सुरू झालेलं स्वस्त मासिक तिचं माहेर. इथे शहर वरून झगमगीत आणि आतून किडलेलं. गुप्तहेर एका हरवलेल्या माणसाला शोधायला निघतो आणि धागा ओढता ओढता नगरपालिका, पोलीस, गिरणीमालक, वर्तमानपत्र सगळे एकाच गाठीत सापडतात. खुनी एक असेल, पण दोष एकाचा नाही. बरेचदा गुप्तहेराचेही हात स्वच्छ राहत नाहीत.

डॅशिएल हॅमेटची 'रेड हार्वेस्ट' (१९२९) घ्या. पर्सनव्हिल नावाचं खाणीचं गाव. लोक त्याला पॉयझनव्हिल म्हणतात, विषारी गाव. तिथल्या बड्या मालकाने संप मोडायला बाहेरून गुंड आणले. संप मोडला, पण गुंड परत गेलेच नाहीत. आता गाव त्यांच्या ताब्यात आणि मालक स्वतःच्याच घरात कैद्यासारखा.

नाव काल्पनिक आहे, पण गाव ओळखू येतं. मोंटाना राज्यातलं ब्यूट. तांब्याच्या खाणी, ॲनाकोंडा कंपनीचं राज्य. जून १९१७ मध्ये तिथल्या खाणीत आग लागून १६८ माणसं मेली. त्यानंतर संप पेटला. कामगार संघटक फ्रँक लिटल तिथे पोचला आणि १ ऑगस्टच्या पहाटे त्याला खोलीतून ओढून नेऊन रेल्वेच्या पुलाला फाशी दिलं. त्याच्या खुनासाठी कोणालाही कधी शिक्षा झाली नाही.

हॅमेट लेखक होण्याआधी पिंकर्टन या खासगी गुप्तहेर संस्थेत नोकरीला होता, आणि ही संस्था संप मोडण्याच्या कामातही असायची. लिटलला मारायला आपल्याला पाच हजार डॉलर देऊ केले होते असं हॅमेटने सांगितल्याचं त्याची जोडीदार लिलियन हेलमन हिने लिहून ठेवलं आहे. या आठवणीबद्दल अभ्यासकांत वाद आहे. पण पुस्तक वाचताना जाणवतं की लिहिणाऱ्याने असं गाव आतून पाहिलेलं आहे, आणि बहुधा चुकीच्या बाजूने पाहिलेलं आहे.

लॉस एंजेलिसची गोष्टही तशीच. रेमंड चँडलर शिकागोत जन्मला, इंग्लंडमध्ये वाढला, लॉस एंजेलिसला तेल कंपनीत मोठ्या हुद्द्यावर होता. १९३२ मध्ये नोकरी गेली आणि पंचेचाळिशीच्या आसपास तो गुन्हेकथा लिहायला लागला. त्याने सांता मोनिकाला 'बे सिटी' असं नाव दिलं आणि तिथल्या विकल्या गेलेल्या पोलिसांना अमर करून टाकलं.

१९७४ मध्ये 'चायनाटाउन' हा सिनेमा आला आणि कवेल्टींनी त्यावर लिहिलेला निबंध पुढे सिनेमाच्या अभ्यासक्रमांतही वाचला जाऊ लागला. सिनेमाचा गुप्तहेर सुरुवातीला एका नवऱ्याच्या लफड्याचा तपास करत असतो आणि पोचतो पाण्यापाशी. लॉस एंजेलिसने १९१३ मध्ये ओवेन्स खोऱ्यातून साधारण पावणेचारशे किलोमीटरचा कालवा आणून पाणी पळवलं होतं. खोऱ्यातल्या शेतकऱ्यांनी चिडून १९२४ मध्ये कालव्याला सुरुंग लावला. सिनेमाने काळ बदलून तो १९३७ च्या सुमारास नेला, पण दुखणं तेच. कवेल्टींचा मुद्दा असा, की सिनेमा आपल्याला ओळखीचा साचा दाखवतो आणि शेवटी तो हातातच मोडतो. गुप्तहेराला सगळं कळतं आणि त्याने काहीच वाचत नाही. एका माणसाची हुशारी पुरेल एवढा तो गुन्हा लहान नव्हता.

पण वाचत कोण होतं?

कवेल्टींचं लक्ष गोष्टीवर होतं. गोष्ट विकत घेणारा माणूस त्यांच्या पुस्तकात जरा धूसर राहतो. ती जागा एरिन स्मिथ यांनी २००० साली आलेल्या 'हार्ड-बॉइल्ड' या पुस्तकात भरली, आणि त्यांची युक्ती मला फार आवडते. 'ब्लॅक मास्क'सारखी मासिकं घेऊन त्यांनी कथांबरोबर शेजारच्या जाहिराती वाचल्या. पोस्टाने शिका आणि इलेक्ट्रिशियन व्हा. शरीर कमवा. नीट बोलायला शिका. म्हणजे वाचक कोण? बहुतेक करून गोरा कामगार पुरुष, ज्याला कारखान्यात साहेबाच्या घड्याळावर नाचावं लागतंय आणि जो हातचं कसब गमावत चाललाय. आणि कथेतला गुप्तहेर कोण? स्वतःच्या मर्जीने काम करणारा, रोजचा दर ठरवून घेणारा, साहेबाला तोंडावर उत्तर देणारा कसबी माणूस. एकदा हे कळलं की त्या कथांमधली कपड्यांची, पैशांची, बोलण्याच्या ढबीची बारीक वर्णनं वेगळीच दिसायला लागतात.

स्टीफन सोइटोस यांनी १९९६ च्या 'द ब्लूज डिटेक्टिव्ह' मध्ये दुसरी रिकामी जागा दाखवली, कृष्णवर्णीय लेखकांची. त्यात चेस्टर हाइम्सचं प्रकरण तर आपल्या सुरुवातीच्या प्रश्नालाच आव्हान देतं.

हाइम्स दरोड्याच्या गुन्ह्यात ओहायोच्या तुरुंगात सात-साडेसात वर्षं होता, लिहायला तिथेच लागला. १९५३ मध्ये युरोपला गेला. पॅरिसमध्ये मार्सेल दुआमेल नावाच्या संपादकाने त्याला गुन्हेकथा लिहायला लावलं. त्यातून न्यूयॉर्कच्या हार्लेम वस्तीवरची कादंबऱ्यांची माळ तयार झाली. पहिली १९५७ ची. आता हाही माणूस चेससारखा दूर बसून लिहीत होता की! हार्लेममध्ये तो काही पिढीजात राहिलेला नव्हता. मग फरक काय?

फरक त्याच्या दोन पोलिसांत आहे. ग्रेव्ह डिगर जोन्स आणि कॉफिन एड जॉन्सन. दोघे कृष्णवर्णीय, काम गोऱ्यांच्या पोलीस खात्यात, हद्द कृष्णवर्णीयांच्या वस्तीत. वस्तीला वाटतं हे सरकारचे, सरकारला वाटतं हे वस्तीचे. गोळी झाडताना, दार ठोठावताना, साध्या विचारपूशीतही हा पेच त्यांच्या मानगुटीवर असतो. हा पेच हार्लेमचा आहे. चेसच्या पॅराडाईज सिटीला असा स्वतःचा कुठलाच पेच नाही, म्हणून ती कुठेही हलवता येते.

त्यामुळे लेखक तिथे राहिला होता का, हा प्रश्न मला तितका कामाचा वाटत नाही. गुन्हा तिथून हलवता येतो का, हा जास्त कामाचा.

शहराबाहेर

सत्तरनंतर गुन्हेकथा शहरातून बाहेर पडली, आणि दोन फडताळं खरी एकत्र आली ती इथे. टोनी हिलरमन न्यू मेक्सिकोत पत्रकारितेचे प्राध्यापक. त्यांनी नावाहो पोलीस अधिकारी जो लीपहॉर्न याला घेऊन कादंबरी लिहिली. साहित्यिक एजंटने सल्ला दिला की हे आदिवासींचं प्रकरण काढून टाका. त्यांनी ते काढलं नाही. 'द ब्लेसिंग वे' १९७० मध्ये आली आणि पुढे ही मालिका तुफान चालली.

हिलरमनच्या कथेत पुरावा शोधायचा म्हणजे वाळूतले माग काढता आले पाहिजेत, कुठला विधी कशासाठी करतात ते माहीत पाहिजे. आणि खुनी ओळखायची खूणसुद्धा तिथलीच. आपल्याला नातेवाईकच नाहीत अशा थाटात वागणारा माणूस संशयित. नावाहो लोकांनी १९८७ मध्ये हिलरमनचा आपले खास मित्र म्हणून सन्मान केला. तरी ते स्वतः नावाहो नव्हते, हा प्रश्न उरतोच. ब्रॉडहेड यांची ती घरबसल्या सहल पुन्हा आठवते. हिलरमन वाचून त्या वाळवंटात फिरायला जाणाऱ्या पर्यटकांची आता कमी नाही.

त्यानंतर दारं उघडली. सारा पॅरेट्स्कीने १९८२ पासून शिकागो एका बाईच्या नजरेतून लिहिलं. वॉल्टर मोझलीने १९९० मध्ये दुसऱ्या महायुद्धानंतरचं कृष्णवर्णीयांचं लॉस एंजेलिस आणलं, चँडलरच्या रस्त्यांच्या पलीकडचं. डॅनियल वुडरेलने ओझार्क डोंगरातली गरिबी आणली. त्याच्या 'विंटर्स बोन' वरचा जेनिफर लॉरेन्सचा सिनेमा कदाचित तुम्ही पाहिलाही असेल. ॲटिका लॉकने २०१७ मध्ये पूर्व टेक्सासचा हायवे ५९ आणला. कवेल्टींनीही आपल्या नंतरच्या लेखनात हे हेरलं होतं. ज्या लोकांना आणि प्रदेशांना मोठ्या साहित्यात जागा नव्हती, ते या जुन्या साच्यातून आत येत होते. साचा सगळ्यांना ठाऊक असतो, त्यामुळे अनोळखी मुलखात वाचकाला हात धरायला काहीतरी मिळतं.

जागा आणि गुन्हा यांची गाठ सगळ्यात घट्ट कुठे बसली असेल तर ती लुईस अर्ड्रिकच्या 'द राउंड हाउस' मध्ये. अर्ड्रिक स्वतः ओजिब्वे समाजातल्या. २०१२ च्या या कादंबरीला अमेरिकेचा नॅशनल बुक अवॉर्ड मिळाला. काळ १९८८, नॉर्थ डकोटामधला आदिवासी राखीव प्रदेश. तेरा वर्षांच्या ज्योच्या आईवर बलात्कार होतो. ज्योचे वडील आदिवासी न्यायालयाचे न्यायाधीश. कोणी केलं, हे कळायला फार वेळ लागत नाही.

प्रश्न आहे कुठे. ज्या ठिकाणी ते घडलं तिथे तीन प्रकारच्या जमिनी एकमेकींना लागून आहेत. आदिवासी जमात, राज्य सरकार आणि खासगी मालक. नेमकं कुठल्या तुकड्यावर घडलं यावर ठरणार की खटला आदिवासी न्यायालयात, राज्याच्या की केंद्राच्या. आई डोळे बांधलेल्या अवस्थेत होती, तिला सांगता येत नाही. आणि १९७८ च्या एका निकालात अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ठरवून टाकलं होतं की आदिवासी न्यायालयांना बाहेरच्या माणसावर फौजदारी खटला चालवायचा अधिकारच नाही. खुनी शोधणाऱ्या हजारो कथांत वकील विचारतो, तू त्या रात्री कुठे होतास. इथे तोच प्रश्न पीडित बाईला विचारला जातो आणि उत्तर नाही म्हणून आरोपी सुटतो.

हे कादंबरीपुरतं नाही. मार्च २०१३ मध्ये अमेरिकेत महिलांवरील हिंसाचाराविरुद्धचा कायदा नव्याने मंजूर झाला, तेव्हा आदिवासी न्यायालयांना बाहेरच्या पुरुषांवर घरगुती हिंसाचाराचे खटले चालवायची मर्यादित मुभा मिळाली. लैंगिक अत्याचाराचा समावेश व्हायला २०२२ उजाडलं.

वाचायला सुरुवात करायची असेल तर 'रेड हार्वेस्ट' घ्या, दोन बैठकांत संपते. मग 'द राउंड हाउस'. कवेल्टींचं १९७६ चं पुस्तक जाड आहे आणि इंग्रजी प्राध्यापकी आहे, पण त्यातली हार्ड-बॉइल्ड कथांवरची प्रकरणं स्वतंत्रपणे वाचता येतात. 'पुडनहेड विल्सन' कॉपीराइटमधून मोकळं आहे, ऑनलाइन फुकट मिळतं.